जागा देणारं शिंजुकू

टोकियोतलं शिंजुकू हे जगातलं सर्वांत गजबजलेलं रेल्वे स्थानक मानलं जातं. करोनाच्या साथीआधी तिथून रोज 35 लाखांहून जास्त प्रवाशांची ये-जा होत असे आणि बाहेर पडायच्या वाटाच दोनशेहून जास्त आहेत. पूर्वेच्या बाजूने वर आलं की समोरच्या इमारतीच्या वळणदार पडद्यावर एक अवाढव्य मांजर दिसतं. ते आळस देतं, खाली डोकावतं आणि आता रस्त्यावर उडी मारणार असं वाटेपर्यंत पुढे सरकतं. 2021 पासून शिंजुकूत भेटायच्या खुणेची जागा म्हणून ते प्रसिद्ध झालं आहे. आमच्या वॉकिंग टूरची सुरुवातही तिथूनच होणार होती.

जपानचा प्रवास महाग, ही समजूत आपल्याकडे पक्की आहे. बुलेट ट्रेनची तिकिटं आणि हॉटेलांची भाडी पाहता ती चुकीचीही नाही. पण शहर समजून घ्यायला जपानमध्ये फार पैसे लागत नाहीत, हे मला या फेरीने शिकवलं. आमच्या टूरला ठरलेलं शुल्क नव्हतं. शेवटी ज्याने त्याने आपल्या ऐपतीप्रमाणे आणि समाधानाप्रमाणे द्यायचं. अशा स्वस्त टूर वाढण्यामागे कायद्यातला एक बदल आहे. 1949 च्या कायद्यानुसार परदेशी भाषेत पैसे घेऊन वाट दाखवायची, तर राष्ट्रीय परीक्षा देऊन परवाना मिळवावा लागे आणि ती परीक्षा अवघड होती. पर्यटकांची संख्या झपाट्याने वाढली, परवानाधारक कमी पडू लागले आणि जानेवारी 2018 पासून ही अट शिथिल झाली. परवाना आजही आहे, त्याला मानही आहे. पण ज्याला आपलं शहर माहीत आहे आणि ते सांगायची हौस आहे, त्याला आता हे काम करता येतं.

आमच्या गाईडबाई साठीच्या आसपासच्या होत्या. पायात सपाट बूट, हातात छोटा झेंडा आणि खांद्याच्या पिशवीत जुन्या नकाशांची प्लॅस्टिकची फाइल. त्यांनी आम्हा दहा-बारा जणांना एका बाजूला घेतलं, येणाऱ्या-जाणाऱ्यांची वाट अडत नाही ना हे आधी पाहिलं आणि मगच फाइल उघडली.

पहिल्या नकाशावर शिंजुकू जवळजवळ रिकामं होतं. एक रस्ता, दुतर्फा थोडी घरं आणि बाकी शेतं. तोकुगावा इएयासू या राज्यकर्त्याने हा प्रदेश नाइतो घराण्याला दिला. घोडा एका दमात जेवढ्या जमिनीला फेरा घालेल तेवढी तुझी, असं त्याने सांगितल्याची आख्यायिका आहे. त्या जमिनीचा काही भाग आज ‘शिंजुकू ग्योएन’ या भव्य उद्यानात आहे. एडो शहरातून, म्हणजे आजच्या टोकियोतून, पश्चिमेकडे जाणाऱ्या कोशू महामार्गावर पहिला मुक्काम सुमारे 16 किलोमीटरवर होता. वाटसरूंना आणि घोड्यांना ते अंतर जड जाई. तेव्हा एडोतल्या आसाकुसाच्या काही व्यापाऱ्यांनी 5,600 र्‍यो (सोन्याची नाणी) भरून मध्ये नवं मुक्कामाचं गाव वसवायची परवानगी मागितली आणि 1698 मध्ये ती मिळाली. शिंजुकूचा जन्म हा असा, दमलेल्या माणसाला टेकायला जागा हवी म्हणून झाला.

गाईडबाईंनी या गोष्टीची काळी बाजूही झाकली नाही. इथल्या खानावळींत जेवण वाढायच्या नावाखाली गरीब घरच्या मुली ठेवल्या जात आणि त्यांच्याकडून देहविक्रय करवून घेतला जाई. वीसेक वर्षांतच सरकारने हे मुक्कामाचं गाव बंद केलं आणि 1772 मध्ये ते पुन्हा सुरू झालं. त्या मुलींपैकी कित्येकींना मेल्यावर नातेवाईकही नव्हते. जवळच्या जोकाकुजी देवळाच्या आवारात त्यांच्या नावाने एक दगड उभा आहे. बाई हे सांगत असताना आमच्यातले फोटो काढणारे हात आपोआप खाली आले होते.

याच नाइतोंच्या जमिनीत मिरची पिकायची, हे ऐकून मात्र मी खुलले. सोबा नूडल्सवर भुरभुरायला एडोकरांना तिखट लागे आणि नाइतो मिरचीच्या लाल शेतांसाठी हा परिसर ओळखला जाई. शहर वाढलं, शेतं गेली, वाणही मागे पडलं. अलीकडच्या काळात काही हौशी मंडळींनी ते पुन्हा लावायला घेतलं आहे. ज्या फुटपाथवर आम्ही उभे होतो, तिथे कधीकाळी मिरच्या वाळत असतील या कल्पनेनेच ती जागा मला जवळची वाटू लागली.

रेल्वे इथे 1885 मध्ये आली, तेव्हा हे शहराच्या कडेचं साधं स्थानक होतं. 1923 च्या महाभूकंपाने चित्र पालटलं. पूर्वेकडचं दाट वस्तीचं टोकियो जळून गेलं, लोक पश्चिमेच्या मोकळ्या उपनगरांत राहायला गेले आणि त्यांच्या रोजच्या वाटेवर शिंजुकू आलं. मग डिपार्टमेंट स्टोअर, चित्रपटगृहं, पुस्तकांची दुकानं आली. किनोकुनिया हे आज जगभर शाखा असलेलं पुस्तकांचं दुकान 1927 मध्ये याच भागात सुरू झालं. 1945 च्या हवाई हल्ल्यांत यातलं बहुतेक सगळं बेचिराख झालं.

त्यानंतरची गोष्ट सांगायला गाईडबाईंनी आम्हाला रुळांखालच्या एका अरुंद भुयारी वाटेने पलीकडे नेलं. जपानने 15 ऑगस्ट 1945 रोजी शरणागती जाहीर केली. पाचच दिवसांनी, 20 ऑगस्टला, शिंजुकूच्या पूर्वेला राखेवर बाजार उभा राहिला. शंभराहून अधिक विजेचे दिवे लावून, ‘प्रकाश शिंजुकूहून’ अशी घोषणा करत तो भरला होता. भरवणारी मंडळी सोवळी नव्हती. ते एका टोळीचं काम होतं आणि बाजार काळाच होता. पण रेशनवर पोट भरत नव्हतं आणि कारखान्यांत पडून राहिलेली पातेली, तवे, कापड लोकांना हवं होतं. रात्री अंधारात बुडालेल्या शहरात तेवढाच तुकडा उजळलेला असे. आज शिंजुकूच्या निऑन दिव्यांचे फोटो जगभर फिरतात. त्या झगमगाटाच्या मागे त्या दिव्यांची ही ओळ आहे, हे कळल्यावर मला तो वेगळा दिसू लागला.

भुयारी वाट संपली आणि आम्ही ओमोइदे योकोचोच्या तोंडाशी आलो. हीही त्याच काळ्या बाजाराची उरलेली गल्ली. दोन माणसं समोरासमोर आली तर एकाने अंग चोरावं लागेल, एवढी तिची रुंदी. दोन्ही बाजूंना टपऱ्यांएवढी दुकानं, लाकडी बाकं आणि कोळशावर भाजल्या जाणाऱ्या काड्या. युद्धानंतर गव्हावर कडक नियंत्रण होतं, नूडल्स विकणं कठीण झालं. तेव्हा इथल्या लोकांनी नियंत्रणाबाहेर असलेली गुरा-डुकरांची आतडी, काळीज असे भाग भाजून विकायला सुरुवात केली. ती चव पुढे लोकांच्या अंगवळणी पडली आणि आजही गल्लीची ओळख तीच आहे. 1999 मध्ये आग लागून गल्लीचा काही भाग खाक झाला. त्या जागी काचेची इमारत उभी करणं सोपं होतं. तरी दुकानं पुन्हा जुन्या मापातच उभी राहिली.

मी शाकाहारी. पण गाईडबाईंनी एका म्हाताऱ्या दुकानदाराशी दोन वाक्यं बोलून मला बाकावर बसवलं आणि माझ्यासमोर शिशितो मिरच्या, शिइताके अळंबी आणि कांद्याची पात भाजून आली, वर नुसतं मीठ. जपानमध्ये भाजीच्या रश्श्यातही बहुधा सुक्या माशाचा अर्क असतो, म्हणून शाकाहारी माणसाने रस्सा टाळून भाजलेले पदार्थ मीठ लावून मागावेत, हा त्यांचा सल्ला मला पुढच्या सगळ्या प्रवासात उपयोगी पडला. माझ्या एका बाजूला ऑफिसातून सुटलेले गृहस्थ होते, दुसऱ्या बाजूला कुणी विद्यार्थी. मला बसता यावं म्हणून दोघेही न बोलता थोडे थोडे सरकले. इतक्या लहान जागेत धंदा चालतो तो या सरकण्यावर.

तिथून आम्ही रेल्वेच्या मोठ्या पुलाखालून यासुकुनी रस्त्यावर आलो. पलीकडे काबुकिचोची लाल कमान पेटलेली होती. या भागाच्या नावात काबुकी हा पारंपरिक जपानी नाट्यप्रकार आहे, पण इथे काबुकीचं नाट्यगृह कधीच झालं नाही. राख झालेल्या वस्तीच्या जागी कुटुंबांनी एकत्र यावं असा करमणुकीचा परिसर उभारायचा आणि त्याच्या मधोमध काबुकीचं नाट्यगृह बांधायचं, असं स्थानिक रहिवाशांनी ठरवलं होतं. 1948 मध्ये त्या आशेवर वस्तीचं नाव बदललं. मोठ्या बांधकामांवरचे निर्बंध आणि पैशांची चणचण यांमुळे नाट्यगृह राहिलं आणि नाव तेवढं उरलं. पुढे 1956 मध्ये कोमा थिएटर आलं, चित्रपटगृहं आली. टोकियोत स्थायिक झालेल्या तैवानी आणि चिनी व्यापाऱ्यांचा त्यात मोठा वाटा होता. बाहेरून आलेल्यांना जुन्या प्रतिष्ठित पेठांत शिरकाव मिळणं अवघड होतं. इथे मात्र सगळेच नवे होते.

कोमा थिएटर 2008 मध्ये बंद पडलं. त्या जागी 2015 मध्ये झालेल्या इमारतीच्या गच्चीवरून गॉडझिलाचं डोकं खाली बघत असतं. जमिनीपासून ते सुमारे 50 मीटर उंचावर आहे आणि 1954 च्या पहिल्या चित्रपटातल्या गॉडझिलाची उंचीही तेवढीच धरलेली होती. ते डरकाळी फोडतं तेव्हा रस्त्यावरची मुलं आनंदाने किंचाळतात. मला तो क्षण फार आवडला.

पण त्याच इमारतीच्या आडोशाला गाईडबाईंनी आम्हाला दुसरी गोष्ट दाखवली. कडेला बसलेली पंधरा-सोळा वर्षांची मुलं-मुली, बरोबर चाकांच्या छोट्या बॅगा. घरात मारहाण आहे, शाळेत छळ आहे, म्हणून घर सोडलेली अनेक मुलं गेली काही वर्षं इथे जमतात. त्यांना भुलवून नासवणारी माणसंही मग इथेच घुटमळतात. काही स्वयंसेवी संस्था रात्री येऊन त्यांची विचारपूस करतात, खायला देतात, निवाऱ्याची सोय सांगतात. ‘यांचे फोटो काढू नका,’ एवढंच बाई म्हणाल्या. मघाशी ऐकलेल्या खानावळीतल्या मुली मला आठवल्या. शिंजुकू ज्यांना जागा देतं, त्यांना सुरक्षितता देतंच असं नाही. ही गोष्ट या वस्तीच्या सुरुवातीपासूनची आहे आणि तिच्याबद्दल गप्प राहून तिचं कौतुक करणं मला जमणार नाही.

लाउडस्पीकरवरून पोलिसांची सूचना अखंड चालू होती: रस्त्यात बोलावणाऱ्या दलालांच्या मागे जाऊ नका. पर्यटकाने इथे पाळायचा हा पहिला नियम. जी दुकानं चांगली आहेत, त्यांना गिऱ्हाईक ओढायला माणूस उभा करावा लागत नाही, असं बाईंनी सांगितलं.

गोंगाटातून बाहेर पडून आम्ही झाडांमधल्या एका वळणदार पायवाटेला लागलो. तिथून पूर्वी ट्राम जायची. रूळ काढून नगरपालिकेने तिथे चालायची वाट केली. ती वाट गोल्डन गाईला जाऊन भिडते.

गोल्डन गाई म्हणजे सहा चिंचोळ्या गल्ल्या आणि त्यांत दोनशेहून जास्त बार. दुमजली लाकडी घरं एकमेकांना टेकून उभी आहेत आणि एकेका बारचा आकार गिरगावातल्या चाळीच्या खोलीएवढा. आत पाच-सात स्टुलं, एक फळी, बाटल्यांची मांडणी आणि पलीकडे मालक. वरच्या मजल्याचा जिना इतका उभा की चढताना हात टेकावेत. स्थानकाजवळचा काळा बाजार 1949 च्या सुमारास जपानचा ताबा घेतलेल्या अमेरिकी सत्तेच्या हुकमाने उठवला गेला, तेव्हा काही फेरीवाल्यांना इथली पडीक जमीन मिळाली. काही वर्षं इथेही चोरटा वेश्याव्यवसाय चालला. 1958 मध्ये त्याविरुद्धचा कायदा पूर्ण लागू झाला आणि तो थांबला. रिकाम्या खोल्यांत बार आले आणि स्वस्त दारू व लांबलेल्या गप्पा यांच्या ओढीने लेखक, पत्रकार, नट, दिग्दर्शक येऊ लागले. फ्रेंच दिग्दर्शक क्रिस मार्कर यांच्या ‘ला जेते’ या चित्रपटाचं नाव मिरवणारा एक बार इथे आहे. ‘मिडनाइट डायनर’ ही मालिका आवडीने पाहिलेल्या आपल्याकडच्या प्रेक्षकांनाही इथे आल्यावर ओळखीचं वाटेल, कारण मध्यरात्री उघडणारी ती खानावळ शिंजुकूच्या अशाच गल्लीत कल्पिलेली आहे.

1980 च्या दशकात टोकियोतल्या जमिनीच्या किमती आभाळाला भिडल्या. सगळी वस्ती विकत घेऊन तिथे मनोरे बांधायचे म्हणून दलाल पैसे घेऊन फिरू लागले. जे विकत नव्हते त्यांच्यावर दबाव आला, संशयास्पद आगीही लागल्या. तेव्हा बारमालक आणि त्यांची नेहमीची गिऱ्हाइकं एकत्र आली, रात्रीची गस्त घालू लागली, वकील उभे राहिले. 1990 च्या दशकाच्या सुरुवातीला जमिनीचा फुगा फुटला आणि गल्ल्या वाचल्या. 2000 नंतर भाडेकराराचे नियम बदलल्यावर तरुण पिढीनेही इथे बार काढले आणि वस्तीत नवं रक्त आलं. एका दारावर ‘फक्त ओळखीच्यांसाठी’ अशी पाटी दिसते, तर शेजारच्या दारावर इंग्रजीत स्वागत. बसण्याचा आकार वेगळा घेतला जातो, तो आत शिरण्याआधी विचारून घ्यावा. गल्ल्या खाजगी मालकीच्या आहेत, म्हणून फोटोलाही परवानगी लागते. या नियमांनी मला परकं वाटलं नाही. सात माणसांच्या खोलीत आठवा माणूस नुसता बघायला आला, तर ती खोली कोणाचीच राहत नाही.

फेरीचा शेवटचा थांबा लगतचं हानाझोनो देवस्थान. लाल तोरी कमानींची रांग, दगडी कोल्हे, घंटेचा दोर आणि मागे बारचे दिवे. नोव्हेंबरमधल्या कोंबड्याच्या दिवशी इथे तोरी-नो-इची ही जत्रा भरते आणि व्यापारी बरकतीसाठी सजवलेले बांबूचे दंताळे विकत घेतात. 1967 मध्ये नाटककार जूरो कारा यांनी याच आवारात लाल तंबू ठोकून नाटक केलं. प्रतिष्ठित रंगमंचांच्या चौकटीत न बसणारं त्यांचं नाटक देवाच्या अंगणात रंगलं आणि आधुनिक जपानी रंगभूमीच्या इतिहासात ते आवार कायमचं नोंदलं गेलं.

इथे गाईडबाईंनी वाकून आमचा निरोप घेतला. जपानमध्ये टीप देण्याची पद्धत नाही आणि नोटा उघड्या हातावर ठेवणं बरं दिसत नाही, म्हणून मी पैसे पाकिटात घालून दोन्ही हातांनी दिले. माझ्या ऐपतीला जेवढं शक्य होतं तेवढं सगळं मी त्यात घातलं होतं.

निरोप घेताना मी भारतातून आले आहे हे कळल्यावर त्यांनी मला एक पत्ता लिहून दिला होता: नाकामुराया, स्थानकाच्या पूर्वेला, तळघरात. दुसऱ्या दिवशी दुपारी मी तिथे गेले.

1912 मध्ये दिल्लीत व्हाइसरॉय हार्डिंग यांच्यावर बॉम्ब टाकण्याच्या कटामागचे रासबिहारी बोस 1915 मध्ये नाव बदलून, रवींद्रनाथ ठाकुरांचे नातलग असल्याचं भासवून जपानला आले. ब्रिटिशांच्या दबावाखाली जपान सरकारने त्यांना देश सोडायचा हुकूम दिला. हद्दपारी टळावी म्हणून काही जपानी पाठीराख्यांनी त्यांना गुपचूप हलवलं आणि शिंजुकूतल्या नाकामुराया या बेकरीचे मालक आइझो आणि कोक्को सोमा या दांपत्याने त्यांना दुकानामागच्या घरात महिनोन्‌महिने लपवलं. बोस पकडले गेले असते तर त्या दोघांवरही बालंट आलं असतं. पुढे 1918 मध्ये त्यांच्या मुलीशी, तोशिकोशी, बोस यांचं लग्न झालं. लपतछपत, घरं बदलत काढलेल्या संसारात तोशिको खंगली आणि 1925 मध्ये वारली. 1927 मध्ये नाकामुरायाने उपाहारगृह उघडलं, तेव्हा बोस यांनी तिथे भारतीय करी सुरू करवली. जपानी लोकांना तोवर इंग्लंडच्या वाटेने आलेली, पीठ लावून घट्ट केलेली करीच माहीत होती. साधी करी दहा-बारा सेनला (सेन म्हणजे येनचा शंभरावा भाग) मिळत असताना ही 80 सेनला होती आणि तरी लोक येत राहिले. पुढे याच माणसाने इंडियन इंडिपेन्डन्स लीगचं नेतृत्व केलं, 1943 मध्ये ते सुभाषबाबूंच्या हाती सोपवलं आणि जानेवारी 1945 मध्ये, स्वातंत्र्य अडीच वर्षांवर असताना, टोकियोतच डोळे मिटले.

ती करी कोंबडीची असते, म्हणून मी शेजारच्या टेबलांवरच्या ताटांतून उठणारा मसाल्याचा वास घेतला, वरच्या मजल्यावरच्या छोट्या संग्रहालयात गेले आणि सोमा दांपत्याने आसरा दिलेल्या चित्रकारांची, शिल्पकारांची कामं पाहिली. एका पावाच्या दुकानात कलावंत आणि क्रांतिकारक दोघांनाही जागा होती. शाळेच्या पुस्तकात बोस यांचं नाव आपण वाचलेलं असतं. त्यांना दार उघडणाऱ्या कोक्को सोमांचं नावही आपल्या मुलांना माहीत असायला हवं, असं मला मनापासून वाटतं.

आज शिंजुकू वॉर्डात दर दहा रहिवाशांपैकी एकाहून जास्त परदेशी आहेत. शेजारच्या शिन-ओकुबोत कोरियन, नेपाळी, व्हिएतनामी पाट्या आहेत आणि तूरडाळ, हिंग, मोहरी विकणारी दुकानंही. जपानला निघालेल्या मराठी माणसाला मी एवढंच सांगेन: टोकियोतली पहिली संध्याकाळ अशा स्वस्त फेरीला द्या आणि दुसऱ्या दिवशी टोकियो महानगर सरकारच्या मुख्यालयाच्या मनोऱ्यावर, 202 मीटर उंचीवरच्या सज्जात जा. तिथेही पैसे पडत नाहीत. पण क्रम उलटा करू नका. वरून नुसत्या इमारती दिसतात. कोणत्या गल्लीत कोणी कोणाला सरकून जागा दिली, हे आधी खाली चालून ऐकलेलं असलं, तर त्या इमारतींच्या मधल्या फटीही ओळखता येतात आणि हे शहर खरं तर त्या फटींमध्येच राहतं.